कांडी संपल्यावरची ओळ

नंदनवन, नागपूर
६ ऑक्टोबर २०२४

ती. आत्याआजीस,
दामिनीचा साष्टांग नमस्कार.

पाकीट पाहून दचकू नकोस, घरी सगळे बरे आहेत. फोनवर तुला ऐकू येत नाही, आणि मोबाइलवर लिहिलेलं तू वाचत नाहीस. "त्यात अक्षराले वळण नसते," असं तू बाबांना मागे सुनावलं होतंस. म्हणून पोस्टातून दहा पाकिटं आणलीत. माझं अक्षर वाईट आहे, पण वळण आहे.

काम आहे, म्हणूनच लिहितेय, हे आधीच कबूल करते. मिहानच्या ऑफिसातली नोकरी सांभाळून मी शनिवार-रविवार लग्नाच्या ऑर्केस्ट्रात गाते, हे तुला ठाऊक आहे. आता पहिल्यांदा लग्नाबाहेर गायला बोलावलंय. इथल्या विणकर मंडळानं १४ डिसेंबरला कार्यक्रम ठेवलाय, "एक गाणं, पाच गळे". गाणं तेच, जे नागपुरात प्रत्येक वरातीत वाजतं:

करवतीचा काठ विणला, पदर झाला लाल,
कोण्या घरची लेक वं तू, कोण्या गल्लीची चाल?

आजवर चौघांनी ते रेकॉर्ड केलंय. ते चौघेही येणार आहेत आणि पाचवी मी. नंतर पाचही गाणी एकत्र निघणार आहेत. कव्हरचा नमुना मी पाहिला. त्यावर "पारंपरिक, कवी अज्ञात" असं आहे.

माझी अडचण अशी. या गाण्यात मध्येच एक रिकामी जागा आहे. सगळे तिथे थांबतात. किती थांबायचं, का थांबायचं, कोणाला सांगता येत नाही. गाणं मागावरचं आहे, आणि तुझं माहेर तांडापेठेतल्या विणकरांच्या गल्लीतलं. आजोबा, म्हणजे तुझे भाऊ, गेल्यापासून त्या गल्लीचं विचारावं असं तुझ्याशिवाय कोणी उरलं नाही. तुला काही आठवतं का?

तुझी,
दामिनी

*

उमरेड
१२ ऑक्टोबर, दसरा

चि. दामिनीस अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. अक्षर खरंच वाईट आहे.

सोबत आपट्याचं सोनं पाठवते. आज सकाळी मागाच्या धोट्याची पूजा केली. चेतन म्हणाला, "आई, माग इकून पंचवीस वर्स झाले, धोटा काहून पुजून राहिली?" मी म्हटलं, "तुह्या बाबाची मोटरसायकल भंगारात गेली, मंग तू चावी काहून जपून ठेवली?" माझ्या पोराला इतपत बोललं की पुरतं.

गाण्याचं म्हणशील तर मला काही ठाऊक नाही. विणकरांच्या गल्लीत दिवसभर कोणी ना कोणी गातच असायचं. कोणतं कोणाचं, हे बघायला वेळ कोणाला होता? तिसऱ्या ओळीनंतर गायक थांबतात, त्यात एवढं विचारण्यासारखं काय आहे? दम लागत असेल. आजकालची माणसं जिना चढतानाही थांबतात.

गाणं सोड. खापरखेड्याच्या मुलाचं स्थळ आलं होतं, त्याचं काय झालं ते तुझ्या आईनं कळवलं नाही. आणि हिवाळ्यात सकाळी गरम पाणी पीत जा, गळा राहतो.

तुझी,
आत्याआजी

*

नंदनवन
२० ऑक्टोबर

ती. आत्याआजीस,
साष्टांग नमस्कार.

चोराच्या मनात चांदणं! मी पत्रात दोनच ओळी लिहिल्या होत्या. रिकामी जागा तिसऱ्या ओळीनंतर आहे, हे मी कुठेही लिहिलं नव्हतं. पत्र पुन्हा काढून बघ.

तुला गाणं माहीत आहे. आणि तू लपवते आहेस. का, ते विचारत नाही. फक्त एवढं कर. या पार्सलात कानावर घालायचे हेडफोन आहेत आणि एक लहानसं यंत्र. एकच बटण आहे, ते दाब. चारही गाणी एकामागून एक लागतील. पहिलं १९८६च्या कॅसेटमधलं, ओमप्रकाश बारापात्रे यांनी गायलेलं. तेच सगळ्यात जुनं. दुसरं प्रेमलताबाईंचं, पेटी आणि बासरीवर. तिसरं डीजे पिंटूचं, वरातीतलं, तेव्हा आवाज आधीच कमी करून ठेव. चौथं मुंबईच्या मिनलचं, गेल्या वर्षीचं, नुसत्या गिटारवर. ते सगळ्यात जास्त लोकांनी ऐकलंय. त्या रिकाम्या जागेबद्दल तिनं मुलाखतीत सांगितलं होतं: "हे त्या काळच्या स्त्रीचं मौन आहे. तो विचारतो, पण तिला बोलायची मुभा नाही. म्हणून गाणं तिथे गप्प होतं."

मला ते फार पटलं. मीही तिथे डोळे मिटून उभी राहायचा सराव करते आहे.

खापरखेड्याचं स्थळ मीच नाही म्हटलं. आईनं त्यामुळेच कळवलं नसणार.

तुझी,
दामिनी

*

उमरेड
२४ ऑक्टोबर

दामिनी,

गप्प? मी?

तुझ्या त्या मुंबईच्या बाईला माझा निरोप सांग की तांडापेठेत अजून अशा म्हाताऱ्या जिवंत आहेत, ज्यांना माझ्या तोंडामुळे गल्ली बदलून पाणी भरायला जावं लागायचं. मौन म्हणे! आणि तू त्यावर डोळे मिटतेस! माझ्या भावाची नात ना तू?

चारही ऐकली. तुझं यंत्र चांगलं आहे, कितीतरी वर्षांनी गाणं इतकं स्वच्छ कानात आलं. प्रेमलताबाईंचा गळा गोड आहे, पण त्या जागेवर बासरी सोडली आहे, जशी कोणी गाय हरवली आहे. पिंटूनं तिथे पोलिसांच्या गाडीचा भोंगा घातला आहे. त्याला निदान एवढं तरी कळलं की तिथे काहीतरी मोठ्यानं व्हायला हवं. मिनल उसासा टाकते. ओमप्रकाशनं मात्र काहीच केलेलं नाही. तबलासुद्धा थांबवला आहे. ते मला चमत्कारिक वाटलं.

आता ऐक. हातमागावर ताण्याच्या उभ्या धाग्यांतून धोटा इकडून तिकडे फेकतात, त्याच्या पोटात सुताची कांडी असते. विणकर पहिल्या दोन ओळी घोळवत राहायचा, पाच वेळा, दहा वेळा, सूत पुरेल तितकं. कांडी संपत आली की तिसरी ओळ:

संपला माह्या हातचा धागा, आता तू वं बोल...

आणि माग थांबायचा. आपल्या घरासमोर नत्थू सोनकुसरेचा माग होता. त्याची आई लवकर वारली, घरात बाईमाणूस नाही, म्हणून त्याच्या कांड्या मी भरायची. उंबऱ्यावर माझा चरखा. माग थांबला की मी उठून नवी कांडी त्याच्या हातात द्यायची आणि देता देता उत्तराची ओळ टाकायची. मग खट्, धोटा पुन्हा चालू. तुझी रिकामी जागा म्हणजे एवढंच. कांडी बदलायला लागणारा वेळ. आणि ती रिकामी नव्हती, तिच्यात मी होते. एकदा टाकलेली ओळ मी पुन्हा कधी टाकली नाही. गल्लीतल्या बाया कामं सोडून ऐकायला थांबायच्या.

गाणंही माझं आहे. त्याच्या तोंडच्या ओळीसुद्धा मीच बांधून दिल्या होत्या. १९७४ची गोष्ट, मी एकोणीस वर्षांची होते. पुढल्या वर्षी उमरेडचं स्थळ आलं. माझ्या मनात नत्थू होता, खोटं कशाला बोलू? मी महिनाभर वाट पाहिली. त्यानं विचारलं नाही. मग मी हो म्हटलं. ताराचंद देवमाणूस होते, माझा संसार गोड झाला. या दोन गोष्टींची सरमिसळ करू नकोस, मला चालणार नाही.

राग संसाराचा नाही, कॅसेटचा आहे. अकरा वर्षांनी कॅसेट निघाली आणि उमरेडच्या बाजारात मला माझं गाणं ऐकू आलं. ओमप्रकाशला ते नत्थूनंच शिकवलं होतं. माझं नाव न सांगता, स्वतःचं म्हणून परस्पर देऊन टाकलं. त्या दिवसापासून मी गायलेली नाही, देवाची आरतीसुद्धा नाही.

हे तुझ्यापुरतं ठेव. सत्तरीत नाव काढून काय करायचंय? चेतनच्या व्याह्यांना कळलं की त्याच्या आईनं प्रेमाचं गाणं केलं होतं, तर ते काय म्हणतील?

पण ते खरंच "अज्ञात" छापणार आहेत का?

आत्याआजी

*

नंदनवन
१० नोव्हेंबर

ती. आत्याआजीस,

तुझं पत्र मी इतक्या वेळा वाचलं की घडीवर फाटलं. आधी माझे गुन्हे सांगते, मग तू रागव.

पहिला गुन्हा. मी मंडळाच्या अध्यक्षांकडे गेले आणि म्हटलं, गाणं माझ्या आत्याआजीचं आहे. ते हसले. "बाई, म्हाताऱ्या बाया काय, समदेच गाणे आपले म्हंतात. पुरावा आना. नाई त पारंपरिकच छापीन." मी पुरावा आणते म्हणाले आणि बाहेर येऊन रडले. मी पाचवा गळा म्हणून तिथे उभी राहणार, गाणं होणार, टाळ्या होणार आणि तू कायमची अज्ञात होणार. ते मला सहन होईना.

दुसरा गुन्हा. भाऊबीज झाल्यावर मी कळमेश्वरला गेले. नत्थूजी तिथे आहेत, त्यांचा मुलगा तिथल्या कारखान्यात आहे. पंचाहत्तरी झाली आहे, गुडघे गेले आहेत. पण खुर्चीत बसल्या बसल्या पाय आळीपाळीनं दाबत असतात, खाली माग असल्यासारखे. मी चढ्या आवाजातच विचारलं, "तुम्ही आत्याआजीचं गाणं दुसऱ्याला काहून देल्लं?"

त्यांचे पाय थांबले. मग जे बोलले ते जसंच्या तसं लिहिते.

"पोरी, गाने गोळा कराले तो ओमप्रकाश गल्लीत आल्ता. मी मनलं, घेऊन जा, गानं जिवंत राहीन. पन दोन शपथा घातल्या त्याले. एक, नाव कोनाचंच नाई लिवाचं. थे उमरेडले लेकराबाळाची झाली होती, तिच्या दारी मी गान्याचं लचांड कसं नेऊन टाकू? मनून माह्यं बी नाव नाई देल्लं. अन् दुसरी, तिसऱ्या ओळीनंतर थांबाचं. तिथं बोलाचं नाई, वाजवाचं नाई. थे जागा पुष्पीची आहे. थे आली त भरन, नाई आली त तशीच राहू दे."

घरी येऊन मी ओमप्रकाशजींना फोन केला. ते म्हणाले, "हो, शपथ होती. का होती ते मी विचारलं नाही. पण माझ्यानंतर जो गाणं शिकायला आला, त्याला मी एकच सांगितलं. तिथे काहीही वाजव, पण शब्द घालू नकोस."

आत्याआजी, चौघांपैकी एकानंही तिथे शब्द घातलेला नाही. अडतीस वर्षं ती जागा तुझ्यासाठी राखून ठेवली आहे. आणि कॅसेटच्या कव्हरवर नत्थूजींचंही नाव नाही. तू ते कधी नीट पाहिलं होतंस का?

मला एक ओळ दे. एकच. मी ती त्या जागेत म्हणेन आणि सगळ्यांना सांगेन कोणाची आहे.

दामिनी

*

नंदनवन
२७ नोव्हेंबर

ती. आत्याआजीस,

सतरा दिवस झाले, तुझं उत्तर नाही. चेतनकाकाला फोन केला तर म्हणाला, "आई ठीक आहे, पेट्या उपसून राहिली."

मी मर्यादा ओलांडली असेल तर माफ कर. पोस्टर छापून झाली आहेत, "पारंपरिक" असंच आहे. कव्हर कार्यक्रमानंतर छापायला जाणार. तू नाही म्हणालीस तर मी पुन्हा विषय काढणार नाही. पण डोळेही मिटणार नाही, तेवढं नक्की.

दामिनी

*

उमरेड
२ डिसेंबर

चि. दामिनीस आशीर्वाद.

रागावले नाही. कॅसेट शोधत होते. ती कॅसेट मी त्याच आठवड्यात विकत घेतली होती आणि एकदाही न लावता पेटीच्या तळाशी टाकली होती, रागाच्या गोष्टी मी सांभाळून ठेवते. परवा सापडली. भिंग घेऊन कव्हर वाचलं. पुढून, मागून, कडेनं. त्याचं नाव नाही.

अडतीस वर्षं मी एका माणसाला चोर म्हटलं. मनातल्या मनात म्हटलं, म्हणून ते कमी होत नाही. दोन दिवस मला जेवण गेलं नाही. मग चेतनला समोर बसवून सगळं सांगितलं, गाणं, नत्थू, कॅसेट. मला वाटलं तो मान खाली घालेल. तो म्हणाला, "म्हंजे माह्या लग्नाच्या वरातीत जे वाजलं, थे तुह्यं होतं? अन् मी दोन तास नाचलो त तू मले सांगतलं बी नाई?" व्याह्यांचं विचारलं तर म्हणाला, "त्यायच्या पोराच्या वरातीत थे बी याच गान्यावर नाचले होते."

१४ तारखेला येते. चेतन आणेल. पण मला स्टेजवर चढवायचं नाही, मी खालीच बसेन. आणि ओळ देणार नाही. आधी करून ठेवलेली ओळ तू तिथे म्हणशील, तर तीही शेवटी कॅसेटच झाली.

गरम पाणी पितेस ना?

आत्याआजी

*

उमरेड
१७ डिसेंबर

चि. दामिनीस,

तू स्टेजवर होतीस, दिव्यांचा झोत तुझ्या डोळ्यांवर. खाली काय झालं ते तुला कोणी धड सांगितलं नसणार. चेतनला विचारशील तर तो स्वतःबद्दलच सांगेल. म्हणून लिहून ठेवते.

चौथ्या रांगेत माझ्या शेजारची खुर्ची रिकामी ठेवायचं कारस्थान तुझं होतं, हे मला उशिरा कळलं. नत्थूला त्याच्या मुलानं धरून आणलं आणि तिथे बसवलं. एकोणपन्नास वर्षांनी. केस गेले, कान तेवढे मोठे राहिले. मी नमस्कार केला, त्यानं केला. त्यानं कोशा रेशमाचा नवा दुपट्टा घेतला होता, तो सारखा सावरत होता.

ओमप्रकाशजी गायला लागले आणि नत्थूचे पाय सुरू झाले. डावा, उजवा. मला गाणं कानांपेक्षा त्या पायांमधूनच जास्त ऐकू आलं. तिसरी ओळ आली. त्यांनी हात वर केला, तबला थांबला, सभागृह थांबलं. मी पदर सावरत बसले. गेली ती जागा. प्रेमलताबाईंची बासरी झाली, तीही गेली. पिंटूचा भोंगा वाजला, पोरं शिट्ट्या मारत होती. नत्थू समोर बघत, माझ्या कानाकडे झुकून म्हणाला, "कांडी संपली वं." मी ऐकलं नाही असं दाखवलं.

मग मिनल आली. तिनं डोळे मिटले, उसासा टाकला आणि पुढच्या रांगेतला एक माणूस म्हणाला, "वाह! काय मौन आहे!"

त्या वाहवर माझं डोकं फिरलं.

तेवढ्यात तू आलीस. तुझा गळा चांगला आहे, लेकी. मागच्या पत्रांत लिहायचं राहिलं, म्हणून आता लिहिते. पण मला आवडलं ते दुसरंच. "आता तू वं बोल" म्हणून तू थांबलीस आणि डोळे उघडे ठेवून सरळ चौथ्या रांगेकडे पाहिलंस. मी कधी उभी राहिले मला माहीत नाही. माइक नव्हता. मागाच्या खडखडाटावरून आवाज न्यायची माझी सवय, तीच कामी आली.

मी त कवाची बोलून राहिली, तुह्याच ताण्यात झोल!

मग मागच्या रांगांतून एक बाई किंचाळली, "अवो माय! पुष्पी वं! तांडापेठेतली पुष्पी!" ती जयवंता होती, आमच्या शेजारची, जिला मी गल्ली बदलायला लावली होती. ती उठली, तिच्याबरोबर दहा-बारा म्हाताऱ्या उठल्या. त्यांनी जो गलका केला, तो मात्र तुला स्टेजवर ऐकू आला असणार.

पुढचं तूही पाहिलंस, पण मला लिहायला आवडतं आहे म्हणून लिहिते. तू हुशार निघालीस. गाणं पुढे न नेता पुन्हा तिसऱ्या ओळीवर आलीस. पुन्हा कांडी संपली, पुन्हा मी. मग प्रेमलताबाईंनी ओळ घेतली, मग पिंटूनं. त्यानं ती ओळ वरातीतल्या नवरदेवासारखी छाती काढून म्हटली, तेव्हा मी म्हटलं:

मूठभर सूत अन् गाडीभर गमजा, आधी कांडी सोल!

मिनलनं माइक हातात घेतला तेव्हा मला वाटलं ही पोर आता नाराज होणार. तर ती हसत हसत तिसरी ओळ म्हणाली आणि माझ्याकडे हात केला. तिला मी उत्तर दिलं:

कोन म्हंते बाई गप्प होती? फुटला त्याचा ढोल!

ती खाली उतरून माझ्या पाया पडली आणि म्हणाली, "आजी, मुलाखत परत देते." मुंबईची असली तरी मनाची चांगली आहे. मग माझी नजर पहिल्या रांगेत अध्यक्षांवर गेली. ते घाम पुसत होते. त्यांना मी सोडणार होते का?

पुरावा पायजे अध्यक्षाले? घे गा कांडी, तोल!

नऊ ओळी झाल्या. एकही दुसऱ्यांदा नाही. चेतन खुर्चीवर चढून शिट्ट्या मारत होता, पन्नाशीचा माणूस, आणि खाली त्याचे व्याही त्याची खुर्ची धरून उभे. अध्यक्ष स्वतः वर चढले, कव्हरचा नमुना मागवला, सगळ्यांसमोर "पारंपरिक, कवी अज्ञात" यावर पेनानं रेघ मारली आणि विचारलं, "नाव काय लिवू, मावशी?" मी म्हटलं, "पुष्पलता पराते. अन् खाली लिवा, तांडापेठ." माझा आवाज मला स्वतःला ऐकू आला. आनंद झाला, दामिनी. पण मी बसले नाही. बसले असते तर चेतन म्हणाला असता आईला चक्कर आली.

आता जे तुला कोणीच सांगणार नाही ते.

तुम्ही सगळे स्टेजवर फोटो काढत होता तेव्हा मी आणि नत्थू बाहेर चहा पीत होतो. मी आधी माफी मागितली. तो म्हणाला, "कायची माफी? चोर मनलं, मनून त आठवन ठेवली." मग मी एकोणपन्नास वर्षांचं विचारून टाकलं.

"काहून गा नत्थू, तवा तू मले विचारलं काहून नाही?"

तो म्हणाला, "रोज त विचारत होतो. तिसऱ्या ओळीत."

खरं होतं. रोज विचारत होता, दिवसातून वीस वेळा. आणि मी वीस वेळा टोमणा मारत होते.

"मले वाटे थे गानं आहे," मी म्हटलं.

"मले वाटे थे उत्तर आहे," तो म्हणाला.

रडायला यायला हवं होतं का कोण जाणे. आम्ही हसलो. इतके हसलो की त्याचा मुलगा धावत आला. ताराचंदांनी मला सुख दिलं, त्याच्या बायकोनं त्याला दिलं, त्यातलं काहीही मला परत करायचं नाही. पण ती जागा दोघांनीही राखली होती, त्यानं शपथ घालून आणि मी राग धरून. ती १४ तारखेला भरली. माझं काही बाकी नाही.

घरी आल्यावर रात्रीची आरती मीच म्हटली. चेतनची बायको स्वयंपाकघरातून धावत आली, तिला वाटलं रेडिओ लागला.

तुझी,
आत्याआजी

*

नंदनवन
५ जानेवारी २०२५

ती. आत्याआजीस,
साष्टांग नमस्कार.

सोबत छापलेलं कव्हर पाठवते. भिंग लागणार नाही, तुझं नाव गाण्याच्या नावाएवढंच मोठं आहे. ऑफिसात सगळ्यांना दाखवलं, शिपायापासून साहेबापर्यंत. मी फुशारकी मारते आहे, मारू दे.

आता नवीन पेच. चौघांनाही आपापलं गाणं पुन्हा रेकॉर्ड करायचं आहे, तुझ्या ओळीसकट. मी आहेच. नत्थूजींनी निरोप दिला आहे की पाय आपटायला कोणी हवं असेल तर ते येतील. स्टुडिओवाले विचारतात, उत्तराची पक्की ओळ कोणती? अध्यक्ष म्हणतात, एक ओळ ठरवून द्या, म्हणजे पुढच्या पिढीला घोळ नको. काय सांगू?

तुझी,
दामिनी

*

उमरेड
१४ जानेवारी, संक्रांत

चि. दामिनीस आशीर्वाद. तिळगूळ चेतनबरोबर पाठवला आहे, मिनलचा वाटा वेगळा बांधला आहे, पोचता कर.

पक्की ओळ मिळणार नाही. पाच जण गाणार असतील तर पाच ओळी. सहावा आला तर सहावी. आणि अध्यक्षांना सांग की पुढच्या पिढीनं आपली ओळ आपण करावी, मी जागा ठेवून जाईन. त्या पिढीतली पहिली तू आहेस. तेव्हा स्टुडिओत माझं झालं की पुढची कांडी तुझी. तयारी करून येऊ नकोस.

स्टुडिओची तारीख कळव. आदल्या दिवशी पोचते. नत्थूच्या पायांखाली लाकडी पाट ठेवायला सांग, नुसत्या फरशीवर आवाज नीट येत नाही.

आणि ज्यावर अध्यक्षांनी पेनानं रेघ मारली तो "कवी अज्ञात"चा नमुना तुझ्याजवळ असेल तर टाकू नकोस, मला पाठव. दसऱ्याला धोट्याखाली अंथरायला काहीतरी लागतंच.

तुझी,
पुष्पलता पराते,
तांडापेठ